काकडीची गार कोशिंबीर: दह्यातली की नारळाच्या रसातली?

श्रावणात मांडवाला तवशी (मोठ्या काकड्या) लोंबायला लागली की कोशिंबीर ठरलेलीच. प्रश्न उरतो तो कशात कालवायची.

दह्याला घट्टपणा असतो, पण काकडीला पाणी सुटलं की तोही जातो. म्हणून कोचवलेल्या काकडीला मीठ लावून पंधरा मिनिटांनी पिळा आणि दही फडक्यात तासभर टांगून मग फेटा. पिळलेलं पाणी घावनाच्या पिठात जिरवा. फोडणी निववूनच घाला. ही दोन तास आधी करून फ्रिजमध्ये ठेवली तरी चालते.

नारळाचा पहिला, जाड रस मऊ आणि गोडसर. आंबटपणाला चमचाभर आगळ (कोकमाचा खारवलेला रस). ते खारट असतं, त्यामुळे मीठ हात राखून. अडचण आहे ती गारव्याचीच! खोबरेल साधारण २४ अंशांखाली गोठतं, म्हणून फ्रिजमध्ये रसावर पांढरा थर धरतो आणि घास मेणचट लागतो. तेव्हा गार करायची ती फक्त काकडी. रस वाढायच्या वेळी काढायचा. उरवायचा तर मुळीच नाही, दमट हवेत लगेच आंबतो.

मासळीच्या ताटात मला नारळाचीच हवी. डाळिंब्यांच्या उसळीशेजारी मात्र दही. दाण्याचं कूट दोन्हीत नको, कोणी काहीही म्हणो.