गोव्याचा फिल्म बाजार: निर्मातीच्या नजरेतून

बारा वर्षं मी लाइन प्रोड्युसर होते. परवानग्या, जनरेटर, ऐंशी माणसांचं जेवण, पावसात बुडालेलं शेड्यूल, सगळं निभावून नेता येत होतं. स्वतःचा मराठी सिनेमा काढला तेव्हा कळलं की तो विकायचा कसा हे मला कुणी शिकवलेलंच नाही. राज्याचं अनुदान समितीने सिनेमा पाहून दर्जा दिल्यावर हाती येणार. व्याज तोवर थांबत नाही. म्हणून 2023 च्या नोव्हेंबरात पणजी गाठली, जिथे सिनेमे विकणारे आणि घेणारे भेटतात त्या फिल्म बाजारासाठी.

एनएफडीसीचा, म्हणजे राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाचा, हा बाजार 2007 पासून इफ्फीच्या, म्हणजे गोव्यातल्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवाच्या दिवसांतच भरतो. मिरामारच्या मॅरियटमध्ये आम्ही शुल्क भरून व्ह्यूइंग रूममध्ये सिनेमा ठेवला. संगणकांसमोर हेडफोन लावून महोत्सवांसाठी सिनेमे निवडणारे प्रोग्रॅमर, सेल्स एजंट, वितरक आपापल्या निवडीने सिनेमे बघतात. माझ्या मते बाजारातली सगळ्यात मोलाची गोष्ट हीच. इथे कुणाची ओळख लागत नाही. मुंबईत एका वितरकाने चार महिने ‘बघतो, बघतो’ म्हणत माझी लिंक उघडलीही नव्हती.

तिसऱ्या दिवशी एक परदेशी प्रोग्रॅमर बाई मला शोधत आल्या. सिनेमा पूर्ण पाहिला होता. त्यांनी विचारलं, मुकादम एवढे कोयते विकत घेऊन करतो काय? मी गारच पडले. आमचा सिनेमा बीडच्या ऊसतोड कामगारांचा. तिकडे एक कोयता म्हणजे नवरा-बायकोची जोडी, आणि मुकादम उचल देतो ती त्या जोडीला. सबटायटलमध्ये मात्र नुसतं हत्यार आलं होतं. ज्या ओळीवर सगळा सिनेमा उभा, ती ओळच त्यांच्यापर्यंत पोचली नव्हती. तिथेच लॉबीत बसून त्यांनी माझ्याकडून त्या शब्दाचा अर्थ नीट समजून घेतला, वहीत लिहून घेतला. सिनेमा त्यांनी घेतला नाही. पण परतल्यावर मी सबटायटल्स पहिल्यापासून नव्याने करून घेतली, बीडच्याच एका शिक्षिकेला शेजारी बसवून.

तिथल्या तिथे सौदा होईल या आशेने जाऊ नका; पाच दिवसांत ओळखी होतात, करार पुढे कधीतरी. बाजारातलंच को-प्रॉडक्शन मार्केट, म्हणजे सहनिर्माते शोधायची जागा, पटकथेच्या टप्प्यावरच्या प्रकल्पांसाठी आहे, त्याची निवड वेगळी. मला चुटपुट लागली ती वर्क-इन-प्रोग्रेस लॅबची. तिथे कच्चा कट जाणकारांना दाखवता येतो, म्हणजे दुरुस्ती खिशाला परवडते तेव्हाच चूक कळते. पुढचा सिनेमा मी आवाजाच्या मिक्सिंगच्या आधीच तिथे पाठवणार आहे.

जाणाऱ्यांनी सबटायटल्स दोन त्रयस्थांकडून वाचून घ्यावीत. मिरामारच्या हॉटेलांचे दर तेव्हा चढलेले असतात. आम्ही ताळगावात खोली घेतली, भाड्याच्या स्कूटरवर जात-येत होतो, काही अडलं नाही.