मराठी विकिपीडियाची संपादन-व्यवस्था: एका लिहित्या वापरकर्त्याचे परीक्षण

मराठी विकिपीडिया १ मे २००३ रोजी सुरू झाला. त्याची चर्चा बहुधा वाचकाच्या बाजूने होते: लेख किती आहेत, त्यांतले अर्धवट किती. येथे मी तो लिहिणाऱ्याच्या बाजूने पाहिला आहे. लेखाचा दर्जा संपादनाच्या चौकटीत ठरतो, आणि ही चौकट नवख्या माणसाला कोणत्या सवयी लावते यावर माझे बरेवाईट मत अवलंबून आहे.

आधी चांगली बाजू. संगणकावर मराठी कळफलक बसवलेला नसला तरी याच चौकटीत रोमन अक्षरांतून लिप्यंतरण करता येते किंवा इनस्क्रिप्ट (भारतीय लिपींसाठीची प्रमाण कळफलक-रचना) पद्धतीने टंकलेखन करता येते. कंट्रोल आणि एम या कळा एकत्र दाबल्या की ही सोय चालू-बंद होते. सरावासाठी ‘धूळपाटी’ आहे, आणि जतन करण्यापूर्वी झलक पाहण्याची सोयही आहे. साचा (अनेक लेखांत वापरायचा तयार ढाचा) किंवा तक्ता हाताळताना झलक न पाहता जतन करणारा माणूस पुढच्या पाच मिनिटांत पाच दुरुस्त्या करतो आणि त्या पाचही लेखाच्या इतिहासात राहतात.

हा इतिहास म्हणजे या व्यवस्थेचा सर्वांत मोलाचा भाग. लेखाची प्रत्येक आवृत्ती राखली जाते, कोणत्याही दोन आवृत्त्या शेजारीशेजारी ठेवून तपासता येतात आणि जुनी आवृत्ती परत आणता येते. मात्र बदल का केला हे इतिहास आपोआप सांगू शकत नाही. त्यासाठी संपादनाचा सारांश लिहावा लागतो, आणि नेमकी तीच चौकट रिकामी सोडण्याची मुभा आहे. ‘बदल केला’ असे लिहिणे रिकामे सोडण्याइतकेच निरुपयोगी आहे. ‘लोकसंख्येचा आकडा २०११च्या जनगणनेप्रमाणे दुरुस्त केला, संदर्भ जोडला’ एवढे एक वाक्य लिहिले, तर अनेक वर्षांनी तो लेख तपासणाऱ्या अनोळखी संपादकाचाही वेळ वाचतो. सारांश रिकामा राहिल्यास सूचना मिळावी असा पर्याय सदस्याच्या पसंतींमध्ये आहे. माझ्या मते तो सर्वांसाठी पहिल्या दिवसापासून चालू असायला हवा. ‘छोटा बदल’ ही खूणही अशीच सैलपणे वापरली जाते. ती ऱ्हस्व-दीर्घाच्या किंवा मोकळ्या जागेच्या दुरुस्तीसाठी आहे. कळसूबाईची उंची १,६४६ मीटरऐवजी १,६६४ केली तर दोनच अंक हलतात, पण तो बदल छोटा नव्हे.

संदर्भ जोडण्याचे साधन सोयीचे आहे. दुवा चिकटवला की शीर्षक, संकेतस्थळ, दिनांक हे रकाने बरेचसे आपोआप भरले जातात. तरीही ते एकदा नजरेखालून घालावेत. जुन्या मराठी पुस्तकांना आयएसबीएन क्रमांक नसतो, त्यामुळे तेथे लेखक, प्रकाशक, आवृत्ती आणि मुख्य म्हणजे पृष्ठक्रमांक हाताने लिहिण्याला पर्याय नाही. वाईच्या मराठी विश्वकोशाचा संदर्भ अवश्य द्यावा, परंतु त्यातील परिच्छेद उचलून चिकटवू नयेत. विकिपीडियावरील मजकूर श्रेय देऊन कोणालाही, व्यापारासाठीसुद्धा, वापरता येतो, आणि दुसऱ्याच्या लेखनावर तसा परवाना देण्याचा अधिकार आपल्याला नसतो. गावांच्या लेखांत ‘निसर्गरम्य’, ‘जागृत देवस्थान’ आणि व्यक्तींच्या लेखांत ‘थोर’, ‘महान’ ही विशेषणे इतकी रुळली आहेत, की ती काढणाऱ्यालाच जाब विचारला जातो. आदरार्थी अनेकवचन हा भाषेचा शिष्टाचार झाला. विशेषणांची आरास हा प्रचार झाला.

सर्वांत सावधपणे वापरावे असे साधन म्हणजे आशय भाषांतर. इंग्रजी लेख एका बाजूला, यंत्राने केलेला मराठी मसुदा दुसऱ्या बाजूला, आणि जतन करण्याचे बटण हाताशी. यंत्राचा मजकूर फारसा न बदलता तसाच राहिला तर साधन इशारा देते, पण वाक्यरचना मराठी आहे की नाही हे ते पाहत नाही. कर्मणी प्रयोगांनी लांबलेली, ‘च्या द्वारे’ने जोडलेली वाक्ये पुन्हा लिहिण्याची तयारी नसेल, तर हे साधन उघडूच नये.

मतभेदासाठी लेखाच्या चर्चा पानाची आणि सर्वसाधारण प्रश्नांसाठी चावडीची सोय आहे. एकमेकांचे बदल पुन्हापुन्हा उलटवण्याऐवजी तेथे कारण आणि संदर्भ मांडावा, अशी अपेक्षा असते. कमी वर्दळीच्या विषयांवर उत्तर यायला वेळ लागतो. तेवढा धीर धरावा लागतो, आणि पानावर लक्ष ठेवण्याची खूण केली की उत्तर आलेले कळते.

मोबाईलवरून एखादा आकडा किंवा शुद्धलेखन दुरुस्त करणे सहज जमते. माहितीचौकट (लेखाच्या कडेची ठळक माहितीची चौकट), तक्ते आणि लांब संदर्भ यांसाठी मात्र संगणकच गाठावा.