टॉम हाउस पद्धतीचं थ्रोइंगचं साहित्य: टॉवेल, अमेरिकन फुटबॉल आणि वजनी बॉल, काय घ्यावं आणि काय टाळावं

बेसबॉलच्या थ्रोइंगसाठी साहित्य शोधायला लागलं की टॉम हाउस या अमेरिकन पिचिंग कोचचं नाव थोड्याच वेळात समोर येतं. त्यांच्या पद्धतीत मुख्य वस्तू तीनच आहेत: एक छोटा टॉवेल, एक अमेरिकन फुटबॉल आणि कमी-जास्त वजनाच्या बॉलचा संच. आमचं मत आधीच सांगून टाकतो. टॉवेल प्रत्येक पिचरने, म्हणजे फलंदाजाकडे बॉल फेकणाऱ्याने, वापरावा. फुटबॉल मिळत असेल तर जरूर घ्यावा. वजनी बॉलचा पूर्ण संच मात्र वाढीच्या वयातल्या मुलाच्या हातात देऊ नये.

या तिन्ही वस्तूंमागचा विचार हाउस यांच्या कारकिर्दीतून आलेला आहे, म्हणून ती थोडी माहीत हवी. हाउस डावखुरे रिलीव्हर होते. सामना सुरू करणारा पिचर थकला किंवा मार खाऊ लागला की बुलपेनमधून (राखीव पिचर हात तापवतात त्या जागेतून) बोलावला जातो तो रिलीव्हर. 1971 ते 1978 या काळात ते अटलांटा ब्रेव्हज, बॉस्टन रेड सॉक्स आणि सिएटल मरिनर्स या संघांकडून खेळले. 1974 हे त्यांचं सर्वांत चांगलं वर्ष: ईआरए (दर नऊ इनिंगला, म्हणजे डावांना, पिचरमुळे गेलेल्या सरासरी धावा; कमी तितका चांगला) 1.93 आणि 11 सेव्ह (आघाडी शेवटपर्यंत टिकवून राखलेले सामने). त्याच वर्षी 8 एप्रिलला त्यांचे सहखेळाडू हँक आरन यांनी 715वा होम रन (मैदानाच्या हद्दीबाहेर जाणारा फटका) मारून बेब रूथचा कारकिर्दीतल्या होम रनचा विक्रम मोडला, तेव्हा तो बॉल डाव्या बाजूच्या बुलपेनमध्ये हाउस यांनीच झेलला आणि धावत जाऊन आरन यांच्या हातात दिला. लोकांना त्यांचं नाव यासाठी आठवतं. पण कोचच्या दृष्टीने महत्त्वाचं हे की हाउस वेगवान पिचर नव्हते आणि त्यांचं काम होतं कमी वेळात हात तापवून मैदानात उतरायचं, उद्या पुन्हा बोलावलं तर पुन्हा उतरायचं. अशा माणसाला हात टिकवण्याचं मोल वेगळं सांगावं लागत नाही.

1985 ते 1992 ते टेक्सस रेंजर्सचे पिचिंग कोच होते. बाकीचे संघ पिचरला पळवत आणि थ्रो करायला लावत होते, तेव्हा हाउस हालचालींचं चित्रीकरण करून त्याचं कॉम्प्युटरवर विश्लेषण करत होते आणि सामन्याआधी मैदानात फुटबॉल फेकायला लावत होते. त्यांनी मानसशास्त्रात डॉक्टरेटही मिळवली आणि पुढे ड्रू ब्रीस, टॉम ब्रेडी यांच्यासारख्या अमेरिकन फुटबॉलच्या क्वार्टरबॅकनाही (संघात बॉल फेकणाऱ्या मुख्य खेळाडूंनाही) थ्रोइंग शिकवलं.

त्यांच्या पद्धतीचा गाभा एका वाक्यात मावतो: हाताला जेवढा वेग आवरता येतो, तेवढाच वेग शरीर त्याला घेऊ देतं. बॉल सुटल्यानंतर हात थांबवण्याचं काम खांद्यामागचे आणि पाठीचे स्नायू करतात. ते कच्चे असतील तर पुढून कितीही ताकद लावा, वेग एका मर्यादेपुढे जात नाही, आणि गेलाच तर खांदा दुखायला लागतो. साहित्यातली प्रत्येक वस्तू या कसोटीवर तपासावी, म्हणजे काय कामाचं आणि काय नुसतं आकर्षक ते लगेच कळतं.

आता टॉवेल. हातपुसण्याच्या आकाराचा, पातळ टॉवेल घ्या. जाड टर्किश टॉवेल हवेत अडतो आणि हाताची गती बदलून टाकतो. लांबीत घडी घालून त्याचं एक टोक तर्जनी आणि मधल्या बोटाच्या मध्ये, खाली अंगठ्याचा आधार देऊन धरा. हाताबाहेर साधारण वीतभर ते दीड वीत टॉवेल लोंबला पाहिजे. त्याहून लांब ठेवला तर तो उशिरा फिरतो आणि फटका कुठे बसला ते कळत नाही. पिचरने नेहमीची पूर्ण ढांग टाकावी आणि पुढचा पाय जिथे पडला तिथे खूण करावी. त्या खुणेपासून टाचेला टाच लावत त्याचीच पाच पावलं पुढे मोजावीत. तिथे जोडीदाराने गुडघ्यावर बसून ग्लोव्ह पिचरच्या डोळ्यांच्या उंचीवर धरावा. पिचरने पूर्ण ॲक्शन करून टॉवेलने ग्लोव्हवर फटका मारायचा.

फटका बसला की नाही हे महत्त्वाचं नाही, का बसला नाही हे महत्त्वाचं आहे. टॉवेल ग्लोव्हच्या अलीकडेच पडत असेल तर ढांग अर्धवट राहिली आहे किंवा छाती पुढच्या पायावर पोचण्याआधीच हात सुटला आहे. ग्लोव्हच्या एका बाजूने निघून जात असेल तर डोकं लक्ष्याच्या रेषेवरून कलतंय, आणि बहुतेक वेळा त्याचं कारण ग्लोव्हचा हात, म्हणजे पिचरचा स्वतःचा न फेकणारा हात, असतो. खूप मुलांना ग्लोव्हचा हात जोरात कमरेकडे ओढायला शिकवलेलं असतं. हाउस यांचं म्हणणं याच्या उलट: ग्लोव्ह पुढच्या पायाच्या वर, छातीसमोर स्थिर ठेवा आणि छाती ग्लोव्हकडे न्या. ग्लोव्ह मागे ओढला की खांदे लवकर उघडतात, डोकं बाजूला जातं आणि हात एकटाच मागून फरफटत येतो. टॉवेलवर हा दोष दहा फटक्यांत दिसतो. बॉल फेकताना तो अनेक दिवस लपून राहू शकतो, कारण बॉल चुकून स्ट्राइकमध्ये (योग्य पट्ट्यात) गेला की कोणी कारण विचारत नाही.

टॉवेलवरचा आक्षेप खरा आहे आणि तो लपवू नये. टॉवेलला बॉलइतकं वजन नाही आणि तो सुटतही नाही, त्यामुळे कोपरावर आणि खांद्यावर खऱ्या थ्रोइतका ताण येत नाही आणि हाताची गतीही हुबेहूब तशी नसते. काही मुलं ग्लोव्ह गाठायच्या नादात कमरेतून वाकून हात लांबवतात. मग ही सवय माउंडवर (पिचर जिथून फेकतो त्या उंचवट्यावर) जाते आणि बॉल वर उडायला लागतो. पाठ सरळ राहूनच फटका बसला पाहिजे. नाही तर जोडीदाराने एक पाऊल जवळ यावं. वीस-पंचवीस फटके झाले की थांबा आणि लगेच पाच-सहा खरे थ्रो करा. टॉवेलला थ्रोच्या जागी बसवू नका. पावसामुळे मैदान बंद असताना ॲक्शन जिवंत ठेवायला त्याच्याइतकी स्वस्त आणि निर्धोक वस्तू दुसरी नाही.

अमेरिकन फुटबॉल म्हणजे दोन्ही टोकं निमुळती असलेला बॉल, रग्बीचा नव्हे. रग्बीचा बॉल जास्त फुगीर असतो आणि एका हाताने नीट पकडता येत नाही. मोठ्यांच्या फुटबॉलचं वजन 14 ते 15 औंस, म्हणजे 397 ते 425 ग्रॅम असतं. बेसबॉल 5 ते 5¼ औंसांचा, 142 ते 149 ग्रॅम. म्हणजे फुटबॉल जवळजवळ तिप्पट जड. तरी त्याचा खरा उपयोग वजनासाठी नाही. हात योग्य मार्गाने आला तरच फुटबॉल स्वतःभोवती फिरत सरळ जातो. मनगट बाजूने वळलं किंवा कोपर खांद्याच्या रेषेखाली पडलं की तो डगमगतो. चूक हवेत दिसते, कोचने सांगायची गरज उरत नाही. 15 ते 20 मीटरवर उभं राहून दमदार पण पूर्ण जोर न लावता पंधरा-वीस थ्रो पुरेत. बारा-तेरा वर्षांच्या मुलाला मोठ्यांचा बॉल देऊ नका. छोट्या हातात तो बसत नाही, मग मूल तो तळव्याने ढकलतं आणि सगळा हेतू बुडतो. लहान मुलांसाठी ज्युनिअर आणि युथ आकाराचे बॉल मिळतात. हवा कमी असेल तरी बॉल डगमगतो, म्हणून मुलाला दोष देण्याआधी पंप लावून पाहा.

पिचर नोलन रायन 1989 मध्ये वयाच्या बेचाळिसाव्या वर्षी रेंजर्समध्ये आले आणि त्यांनी हा फुटबॉल आपलासा केला. त्याच मोसमात त्यांनी 301 स्ट्राइकआउट (तीन स्ट्राइक टाकून बाद केलेले फलंदाज) घेतले, आणि 1990 व 1991 मध्ये सहावा आणि सातवा नो-हिटर (पूर्ण सामन्यात एकही हिट न देणं) टाकला, सातवा तर 44व्या वर्षी. याचं श्रेय एका चामड्याच्या बॉलला देणं बरोबर नाही. रायन व्यायामाच्या बाबतीत आधीपासूनच कडक होते. आणि याच कोचच्या हाताखाली याच संघात 1986 मध्ये नवख्या बॉबी विट यांनी 157⅔ इनिंगमध्ये 143 वॉक (चार चुकीचे बॉल टाकून फलंदाजाला फुकट दिलेला बेस) दिले होते. साहित्य अचूकता आणून देत नाही, ती वेगळी शिकावी लागते. विक्रेत्यांच्या जाहिरातीत रायन यांचं नाव असतं, विट यांचं नसतं.

वजनी बॉलबद्दल सावकाश लिहायला हवं, कारण इथेच पैसे आणि कोपर दोन्ही जातात. संचात साधारणपणे 2, 4, 6, 16 आणि 32 औंसांचे बॉल असतात: अंदाजे 57, 113, 170, 454 आणि 907 ग्रॅम. हाउस यांच्या कार्यक्रमात ते दोन प्रकारे वापरले जातात. पहिला प्रकार होल्ड: पूर्ण ॲक्शन करायची पण बॉल सोडायचा नाही. हात थांबवणाऱ्या स्नायूंना यात काम मिळतं, म्हणजे पद्धतीच्या गाभ्याशी हे थेट जुळतं. दुसरा प्रकार थ्रो: आधी गुडघ्यावर बसून, मग पाय रोवून पुढे-मागे झुलत आणि शेवटी धावत येऊन नेटमध्ये फेकायचं.

2018 मध्ये अमेरिकेत 13 ते 18 वयाच्या 38 पिचरवर सहा आठवड्यांचा असाच कार्यक्रम तपासला गेला. 2 ते 32 औंसांचे बॉल वापरणाऱ्या गटाचा वेग सरासरी 3.3 टक्के वाढला. त्याच गटातल्या 24 टक्के मुलांना दुखापत झाली. वजनी बॉल न वापरणाऱ्या दुसऱ्या गटात अभ्यासाच्या काळात एकही नाही. खांदा मागे वळण्याची मर्यादाही वजनी बॉलच्या गटात चार अंशांहून जास्त वाढली. हात जितका जास्त मागे वळतो तितका पुढे यायला त्याला लांब रस्ता मिळतो. वेग तिथून येतो आणि कोपराच्या आतल्या लिगामेंटवरचा ताणही तिथूनच. वाढीचं वय असेल तर हाडांची टोकंही अजून पक्की झालेली नसतात. सोळा वर्षांच्या मुलासाठी हा सौदा आम्हाला मान्य नाही.

आणखी एक गैरसमज: हलका बॉल सुरक्षित असतो. उलट हलक्या बॉलने हात जास्त वेगाने फिरतो, म्हणजे तो थांबवायचं कामही वाढतं. 57 ग्रॅमचा बॉल पूर्ण जोराने फेकणं हा व्यायामाचा अवघड भाग आहे, सुरुवातीचा नव्हे.

वय अठराच्या पुढे असेल, वर्षभर नियमित थ्रोइंग झालेलं असेल आणि खांद्याची ताकद तपासून घेतलेली असेल, तर 4 आणि 6 औंसांपासून सुरुवात करा, आणि 32 औंसांचा बॉल फक्त होल्डसाठी ठेवा. तोही हाताच्या घामाने निसटतो, म्हणून समोर नेट हवंच आणि शेजारी कोणी उभं राहू नये. अठराच्या आतल्यांनी थांबावं. पिचच्या (फलंदाजाला टाकलेल्या बॉलच्या) मर्यादा, उदाहरणार्थ अमेरिकेत 15-16 वयासाठी दिवसाला जास्तीत जास्त 95, सामन्यातल्या पिच मोजतात. सरावातले वजनी थ्रो त्या हिशेबात येत नाहीत, कोपर मात्र ते मोजतं. म्हणून सामन्याच्या आदल्या आणि दुसऱ्या दिवशी हा संच पेटीतून काढू नये.

पूर्ण संचाच्या किमतीला पर्याय आपल्याकडे आहे. टेनिसचा बॉल 56 ते 59.4 ग्रॅमचा, म्हणजे 2 औंसांच्या जागी चालतो. क्रिकेटचा लेदर बॉल 156 ते 163 ग्रॅमचा, बेसबॉलहून थोडाच जड, 6 औंसांच्या अगदी जवळ. शिवण वेगळी असल्याने पकड बदलते, तेव्हा नेटमध्ये फेकण्यापुरताच वापरा. ज्यांना संच हवाच आहे त्यांनी चामड्याचा, बेसबॉलच्याच घेराचा (22.9 ते 23.5 सेंमी) घ्यावा. वाळू भरलेले मऊ बॉल भिंतीवर मारायला बरे, पण शिवणीतून वाळू गळते आणि महिन्याभरात वजन घटतं.

जी गोष्ट विकत घ्यायची नाही, ती या पद्धतीत सर्वांत मोलाची ठरली आहे: बाजूने आणि समोरून काढलेला स्लो मोशन व्हिडिओ. 1992 मध्ये सहा फूट दहा इंचांचे पिचर रँडी जॉन्सन पुढचा पाय टाचेवर टाकत होते. टाच रोवली की शरीर त्यावर गरकन फिरतं, हात उशिरा येतो आणि बॉल कुठेही जातो. रायन आणि हाउस यांनी ते पाहून पाय चवड्यावर टाकायला सांगितलं, म्हणजे शरीराचा भार सरळ होम प्लेटच्या (फलंदाजाजवळच्या खुणेच्या) दिशेने जाईल. 1992 मध्ये 144 वॉक देणाऱ्या जॉन्सन यांनी 1993 मध्ये 99 दिले आणि 308 स्ट्राइकआउट घेतले. एवढा बदल कोणत्याही बॉलच्या संचाने झालेला नाही. फोनचा कॅमेरा पिचरच्या कमरेच्या उंचीवर, तिपाईवर ठेवा. हातात धरून काढलेल्या व्हिडिओत टाच आधी टेकली की चवडा हे ओळखता येत नाही.

भारतीय वाचकांसाठी एक खरा दाखला. 2008 मध्ये बेसबॉलच्या थ्रोइंगसाठी भारतभरातून निवडलेले रिंकू सिंग आणि दिनेश पटेल, दोघेही मूळचे उत्तर प्रदेशातले भालाफेकपटू, दक्षिण कॅलिफोर्निया विद्यापीठात हाउस यांच्याकडे शिकले आणि त्याच नोव्हेंबरमध्ये पिट्सबर्ग पायरेट्स या अमेरिकन बेसबॉल संघाने दोघांशी करार केला. भालाफेकपटूला लांब ढांग आणि हाताआधी कंबर वळवणं शिकवावं लागत नाही, पद्धतीचा तेवढा भाग आधीच अंगात असतो. आपल्याकडे शाळेत भालाफेक करणारी मुलं आहेत. त्यांच्याकडून सुरुवातीला टॉवेलचं अंतर आणि ग्लोव्हचा हात एवढंच करून घ्या. ग्लोव्हने झेलणं ही त्यांना पूर्णपणे नवी गोष्ट असते, त्याचा सराव पहिल्या दिवसापासून वेगळा ठेवा.

दुकानातून किंवा ऑनलाइन संच आला की पेटीवरच्या आकड्यावर विसंबू नका; स्वयंपाकघरातल्या डिजिटल काट्यावर प्रत्येक बॉल तोलून पाहा. सांगितलेल्या वजनापेक्षा दहा ग्रॅमचाही फरक असेल तर परत करा, आणि वाळूचे बॉल असतील तर दर महिन्याला पुन्हा तोला.