मुरमाच्या रस्त्यावर कॅल्शियम क्लोराईड: डिसेंबर ते जून

घोडबंदर रोडला, कासारवडवलीच्या आतल्या बाजूला आमची साइट. गेटपासून खोदकामापर्यंत १२० मीटर मुरमाचा कच्चा रस्ता, त्यावर दिवसभर डंपर. टँकर चार खेपा पाणी मारायचा, तासाभरात पुन्हा धुरळा. समोरच्या बिल्डिंगमधल्या काकू वाळत घातलेली चादर घेऊन थेट गेटवर यायच्या. वैतागून डिसेंबरात कॅल्शियम क्लोराईडच्या ५० किलोच्या १२ गोण्या आणल्या.

हे मीठ हवेतला दमटपणा ओढून घेतं आणि त्यातच विरघळतं, म्हणून मुरमातली बारीक माती ओलसर राहते. रस्ता सारखा केला, हलकं पाणी मारलं, चौरस मीटरला पाऊण-एक किलो पसरून रोलर फिरवला. दुसऱ्या दिवशी सकाळी वॉचमन विचारतो, "साहेब, रात्री टँकर आला होता का?"

टँकर चारवरून एका खेपेवर आला. मार्चच्या दुपारी कोरडा गरम वारा सुटला की रस्ता पांढरट पडायचा, संध्याकाळी खाडीकडून वारा आला की परत काळपट. फेब्रुवारीअखेर आणि एप्रिलमध्ये निम्मा डोस पुन्हा द्यावा लागला. जिथे नुसती खडी टाकली होती तिथे फायदा शून्य. धरून ठेवायला बारीक मातीच नाही.

आता त्रास. पहिल्या दिवशी पोरांनी उघड्या हातांनी पसरलं. घामात हे विरघळलं की गरम होतं, चुरचुरतं. हातमोजे आणि गमबूट लागतातच. माझ्या चामड्याच्या बुटांना भेगा पडल्या. घमेली, ढकलगाडी, वॉचमनची सायकल, सगळ्यांना गंज. स्टील यार्ड आणि वाळूच्या ढिगाजवळ तर हे फिरकूच द्यायचं नाही: क्लोराईडने आतली सळई गंजते, म्हणून आयएस ४५६ या काँक्रीटच्या भारतीय मानकाप्रमाणे आरसीसीत, म्हणजे सळई घातलेल्या काँक्रीटमध्ये, ते घनमीटरला ०.६ किलोच्या आत हवं. गोण्या वेगळ्या खोलीत, कुलपात. आणि टाइल कापताना उडणाऱ्या धुळीला याचा काही उपयोग नाही, तिथे पात्यावर पाणी आणि तोंडाला एन-९५.

जूनच्या पहिल्या दोन सरींत रस्ता निसरडा झाला, मग सगळं वाहून गेलं. ज्या गटाराला गेलं त्याच्या कडेची कर्दळ करपली.

यंदा पुन्हा आणणार, पण गेटजवळचे २० मीटर सोडून. तिथे ते डंपरच्या चाकांना चिकटून बाहेरच्या रस्त्यावर जातं. तिथे चाकं धुवायला माणूस उभा करतोय.