चुलतआजोबांची वीणा : मिरजेतील दुरुस्तीचा अनुभव

माझे चुलतआजोबा सातारा जिल्ह्यातील आमच्या गावच्या भजनी मंडळात वीणेकरी होते. मराठा लाइट इन्फंट्रीत भरती होऊन ते इटलीत गेले, आणि टायबर नदीच्या ज्या खोऱ्यात नाईक यशवंत घाडगे यांना १० जुलै १९४४ रोजी वीरमरण येऊन मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला, त्याच खोऱ्यात त्याच उन्हाळ्यात तेही कामी आले. सप्ताहात वीणा खाली ठेवायची नसते. भरतीला निघताना त्यांनी ती माझ्या आजोबांच्या गळ्यात घातली होती. मृत्यूची तार आली तेव्हापासून ती खुंटीलाच टांगलेली राहिली.

भोपळ्याला तडा गेल्यामुळे गेल्या वर्षी ती मिरजेच्या सतारमेकर गल्लीतील एका दुकानात नेली. मिरजेच्या सतार-तंबोऱ्याला २०२४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाल्यावर मजुरी वाढली असेल अशी धास्ती होती, परंतु आधी सांगितली तेवढीच घेतली. तडा असा सांधला आहे, की बोट फिरवले तरच कळतो. दांडीवर अंगठ्याने झिजलेल्या जागी मात्र नवे पॉलिश चढवण्याचा त्यांचा फार आग्रह होता. तो मी मोडून काढला. एक जुनी खुंटी न विचारता बदलली आणि तीन आठवड्यांचे काम दोन महिने लांबले, ही माझी तक्रार आहे.

जवारी, म्हणजे तारेचा घुमारेदार नाद, माझ्यासमोरच काढली. तारा जिच्यावर टेकतात त्या घोडीचा माथा किंचित घासायचा, तार चढवून छेडायची, पुन्हा उतरवायची, असे दीड तास चालले, आणि शेवटी तारेखालचा सुती दोरा केसभर सरकताच नाद भोपळ्यात घुमू लागला. त्याआधी वृद्ध कारागिरांनी विचारले होते, “कुठल्या पट्टीत लावू?” घरात ते सांगणारे कोणी उरलेले नाही. त्यांनी वीणेवर शिल्लक असलेली एकमेव गंजकी तार चिमटीत धरून पाहिली आणि तिच्या बारीकपणावरून काळी चारचा, म्हणजे पुरुषाच्या गळ्याला चढ्या पट्टीचा, अंदाज बांधला. गणवेशातील फोटोमधल्या त्या मिशांकडे पाहून आम्ही सगळे चुलतआजोबांचा आवाज भरदार, खर्जातला समजत होतो!

मंडळातील आताच्या गायकांना ती पट्टी चढी पडते, म्हणून सप्ताहाला दुसरी वीणा घेतात; ही काळी चारलाच लावलेली असते.