गेंडा, चित्ता आणि एक खोटी चिठ्ठी : एका भूमिका-खेळाचे परीक्षण

सदाशिव पेठेतल्या एका छोट्या कॅफेत सध्या शनिवारी संध्याकाळी मराठीतून एक भूमिका-खेळ, म्हणजे प्रत्येकाने एक पात्र होऊन फाशांच्या साह्याने गोष्ट पुढे न्यायचा खेळ, चालवला जातो. रानावनाची आवड असणाऱ्यांनी तो एकदा तरी खेळून पाहावा, असे माझे मत आहे. निरनिराळी शतके एकमेकांत गुंतलेला एक कल्पित मुलूख हे या खेळाचे जग असून, तिथल्या प्राण्यांचे रक्षण करणाऱ्या एका गुप्त मंडळाचे सभासद म्हणून आपण त्यात उतरतो. (फलक, वर्गणी आणि मांडव यांपैकी काहीही नसलेले मंडळ पुण्यात असू शकते, ही या खेळातली सर्वांत अद्भुत कल्पना होय.)

सुरुवात होते ती पेशव्यांच्या प्राणिसंग्रहातल्या गेंड्यापासून. गंगाराम तांबट या पुण्यातल्या चित्रकाराने नोव्हेंबर १७९० मध्ये हा गेंडा प्रत्यक्ष पाहून रेखाटला होता. त्या चित्राचा आधार असल्यामुळे खेळ चालवणाऱ्या सूत्रधाराच्या वर्णनाला वजन येते आणि पहिल्या काही मिनिटांतच खेळाडू गप्पा थांबवून ऐकू लागतात.

खेळाची खरी ताकद मात्र त्याच्या एका नियमात आहे : काळाच्या भेगेतून मंडळाला कुठेही जाता येते, परंतु प्राण्याला त्याच्या काळातून उचलून आणता येत नाही. चित्त्याच्या डावात हा नियम चांगलाच जाचतो. १९४७ साली आताच्या छत्तीसगडमधल्या कोरिया संस्थानच्या महाराजांनी तीन चित्ते मारले आणि भारतातले अखेरचे चित्ते म्हणून आज त्यांचीच नोंद सांगितली जाते. आमच्यातल्या एकाने वीस बाजूंचा फासा टाकून महाराजांचा नेम चुकवला, टेबलाभोवती जल्लोष झाला, आणि सूत्रधाराने शांतपणे विचारले, ‘‘हे तिन्ही नर आहेत. आता पुढे काय?’’ बंदूक अडवल्याने जात वाचत नाही, त्यासाठी माळराने पन्नास वर्षे आधीपासून राखायला हवी होती, हे त्यानंतर कोणाला समजावून सांगावे लागले नाही. १९५२ मध्ये चित्ता भारतातून नामशेष झाल्याचे जाहीर होणे आणि २०२२ मध्ये नामिबियातून आठ चित्ते मध्य प्रदेशातल्या कुनो राष्ट्रीय उद्यानात येणे, या दोन्ही घटना खेळाने पुढच्या वळणांसाठी नेमक्या वापरल्या आहेत.

रानपिंगळ्याचा डाव तर केवळ त्याच्यासाठी पैसे मोजावेत इतका उत्तम रचला आहे. १८८४ नंतर ११३ वर्षे या घुबडाचा खात्रीलायक पत्ता नव्हता. १९९७ मध्ये ते शहाद्याजवळ पुन्हा दिसले. मधल्या काळात मंडळानेच त्याला दडवून ठेवले होते, अशी खेळाची थाप आहे. खेळाडूंच्या हाती पडते ती दोरा बांधलेली, मुद्दाम पिवळट केलेली संग्रहालयाची चिठ्ठी, आणि तिच्यावर साल असते १९१४, ठिकाण गुजरातेतले मांडवी. आम्ही सगळे मुकाट्याने तिकडे गेलो आणि हात हलवीत परतलो, कारण चिठ्ठी खोटी होती. हा भाग कल्पित नाही. मायनर्ट्झहॅगन या ब्रिटिश अधिकाऱ्याने दुसऱ्याने गोळा केलेला जुना नमुना चोरून त्यावर आपली नोंद चिकटवली होती, आणि कातडे भरण्याच्या पद्धतीच्या खुणांवरून संशोधकांनी ती लबाडी पुढे उघडकीस आणली. काळाचा गुंता असलेल्या जगात सर्वांत घातक शस्त्र म्हणजे चुकीची तारीख, हे सुचलेल्या लेखकाला दाद द्यावी लागते.

उत्तरार्ध मात्र घसरतो. काळाच्या भेगांवर पहारा देणारे शरभ हे पुराणातले काल्पनिक प्राणी अवतरतात आणि फाशांची लढाई इतकी लांबते की प्राणी बाजूलाच राहतात. बारामती तालुक्यातल्या सुप्याचे मयूरेश्वर अभयारण्य, म्हणजे पुण्याच्या इतक्या जवळचे चिंकाऱ्यांचे माळरान, एका कार्डावर उरकले आहे, ही उणीव मला अधिक खटकली. चित्त्याच्या डावात माळरानाचे महत्त्व पटवल्यानंतर तिथे एक सबंध डाव सहज रंगला असता.

माणशी सहाशे रुपये शुल्कात चहा येतो, खाणे वेगळे. कार्डांवरची अक्षरे बारीक असून खोलीतला उजेड बेताचा आहे, त्यामुळे चष्मा विसरू नये. दहा वर्षांखालच्या मुलांना चार तास बसवणे अवघड जाईल. पाच जणांचा स्वतःचा गट करून गेल्यास शरभांची लढाई वगळण्याची विनंती सूत्रधार मान्य करतात, आणि ती अवश्य करावी.