थायरॉइडच्या गाठीचा रिपोर्ट धड ना इकडचा ना तिकडचा: परत सुई, स्लाइड दुसरीकडे, थांबणं की ऑपरेशन?

ताईच्या गळ्यातल्या गाठीचा एफएनएसी (बारीक सुईने पेशी काढून तपासणी) रिपोर्ट आला, त्यावर लिहिलेलं बेथेस्डा ३ (अशा रिपोर्टचे १ ते ६ गट असतात, त्यातला तिसरा), आणि घरात प्रत्येकाने आपापला अर्थ काढला. दाजी म्हणाले कॅन्सर लिहिलं नाहीये ना, मग झालं. आई रडायला लागली. ताई नुसती गप्प.

आधी आकडा नीट बघा, कारण 'काही कळलं नाही' हे पण दोन-तीन प्रकारचं असतं. १ म्हणजे सुईत मालच पुरेसा आला नाही, साधारण नियम असा की पेशींचे किमान ६ पुंजके हवेत आणि प्रत्येकात निदान १० पेशी. ३ म्हणजे पेशी आल्या, पण बघणाऱ्याला ठामपणे सांगता येईना. २०२३ च्या बेथेस्डा आवृत्तीत ३ मध्ये कॅन्सर निघण्याचं प्रमाण सरासरी २२ टक्के दिलंय, आणि त्यात पण एक मेख आहे, हा आकडा मुख्यतः ज्यांचं ऑपरेशन झालं त्यांच्यावरून काढलाय, म्हणजे ज्यांच्यावर डॉक्टरांना आधीच जास्त संशय होता तेच लोक त्यात जास्त.

आता पर्याय. स्लाइड, म्हणजे काढलेल्या पेशी लावलेली काच, दुसऱ्या पॅथॉलॉजिस्टला (पेशी तपासणाऱ्या डॉक्टरला) दाखवणं सगळ्यात स्वस्त आणि परत टोचायचं पण नाही, तरी लोकांना हे सुचतच नाही. ३ ही कॅटेगरीच अशी की दोन अनुभवी माणसं एकच स्लाइड बघून वेगळं म्हणू शकतात. थायरॉइड रोज बघणारा माणूस शोधा, मुंबईजवळ असाल तर परळचं टाटा आहेच. आम्हाला लॅबने स्लाइड द्यायला चार दिवस फिरवलं, 'आमच्याकडे असं देत नाहीत' वगैरे, शेवटी लेखी अर्ज दिला तेव्हा मिळाल्या. पण रिपोर्ट १ असेल तर हा खटाटोप नको, जे स्लाइडवर आलंच नाही ते कोण वाचणार.

तिथे परत सुईच, आणि सोनोग्राफीत बघत बघत. गाठीत पाणी असेल तर सुई पाण्यात जाते आणि हाती काहीच लागत नाही, घट्ट भागातून माल घ्यायला लागतो. ३ ला पण परत सुई केली की बऱ्याच जणांचं उत्तर स्पष्ट होतं. मात्र ४ आला, म्हणजे फॉलिक्युलर निओप्लाझम (थायरॉइडच्या पेशींची गाठ, साधी किंवा कॅन्सरची), तर परत परत टोचून फारसा उपयोग नाही, तिथे प्रश्न गाठीच्या आवरणातून पेशी बाहेर घुसल्यात का हा असतो आणि ते सुईतून दिसत नाही, गाठ काढूनच बघावं लागतं.

ऑपरेशन म्हणजे बहुतेक वेळा अर्धी थायरॉइड. उत्तर पक्कं मिळतं, पण आवाजाच्या नसेला थोडा धोका असतो, काहींना पुढे कायम गोळी लागते, आणि शेवटी गाठ साधीच निघाली तर? सोनोग्राफीत गाठ संशयास्पद दिसत असेल, मोठी असेल, गिळताना त्रास होत असेल तर मी पण ऑपरेशनच म्हणेन. नुसतं ३ वर लगेच नाही.

थांबून सोनोग्राफीवर लक्ष ठेवणं कागदावर सोपं वाटतं, पण मनाला हेच सगळ्यात जड. ताई रात्री आरशासमोर गळा चाचपायची. डॉक्टरांनी सांगितलं की थायरॉइडचे बहुतेक कॅन्सर हळू वाढतात, काही आठवडे विचार करायला घेतले तर बिघडत नाही, त्या एका वाक्याने ती त्या दिवशी जेवली. मग आम्ही घरात ठरवलं, डॉक्टरांना विचारायचे प्रश्न वहीत लिहायचे, मोबाईलवर शोधायचं नाही (मी शोधायचे, चोरून), आणि नातेवाईकांना पुढचा रिपोर्ट येईपर्यंत काही सांगायचं नाही.

दुसऱ्यांदा सुई केली, २ आला, म्हणजे साधी गाठ. पुढची सोनोग्राफी दिवाळीनंतर आहे, आई अजून रोज तिचा गळा बघते.